कौलांवर राहिलेल्या पादुका

आमच्या घरात ही हकीकत इतक्यांदा सांगून झाली आहे, की मी नुसता घसा खाकरला तरी मुली ताटावरून उठायला बघतात. धाकटी परवा म्हणाली, “बाबा, ते पादुकांचं एकदा लिहून पाठवा ना एखाद्या दिवाळी अंकाला. लोक वाचतील, आणि आम्ही सुटू.” तेव्हा वाचकहो, आमच्या घरच्यांची सुटका तुमच्या जिवावर होते आहे. राग मानू नये.

लोणावळ्याच्या बाजारपेठेतल्या वाचनालयात ग्रंथपाल म्हणून मी अर्धं आयुष्य घालवलं. ग्रंथपाल म्हटलं की बाहेरच्या माणसाला वाटतं, हा दिवसभर खुर्चीत बसून फुकट वाचतो. कोरड्या गावांत तसं असेलही. लोणावळ्यात पावसाळ्याचे चार महिने धुकं दारातून आत येतं, बाकावर बसतं आणि वर्गणीदारांपेक्षा जास्त वाचून जातं. पुस्तकं फुगतात, पुठ्ठ्यांना बुरशीची दाढी येते, पानं सुटतात. मग आश्विनात ऊन पडलं की सगळा संसार अंगणात चटयांवर मांडायचा, मैद्याची खळ शिजवायची, कसर लागू नये म्हणून तीत मोरचूद घालायचा, आणि जी पुस्तकं मोडली असतील त्यांची नव्याने बांधणी करायची.

ही बांधणी जरा समजावून सांगतो, कारण पुढचा घोटाळा तिच्यातच आहे. छापखान्यातून पुस्तक येतं ते सोळा-सोळा पानांच्या घड्यांत. त्या घडीला फॉर्म म्हणतात. फॉर्म ओळीने लावायचे, पाठीला दोऱ्याने शिवायचे, खळ लावून वर पुठ्ठा चढवायचा आणि सुकेपर्यंत वजनाखाली दाबून ठेवायचं. बांधणीवाल्यांकडे त्यासाठी दाबयंत्र असतं. आमच्या वाचनालयाकडे माझ्या घरचा पाटा होता. आमची ही दरवर्षी म्हणायची, “आश्विन आला. आता महिनाभर या घरात चटणी नाही.” आणि माझी शिवण बघून म्हणायची, “इतकी तिरकी शिवण मी परकराला घातली असती, तर आईने घरात घेतलं नसतं.”

आमच्याकडे चार कपाटं होती: संतवाङ्मय, इतिहास, उपयुक्त आणि अद्भुत. उपयुक्तात कोंबड्या पाळण्यापासून साबण करण्यापर्यंत सगळं होतं, आणि सगळं कोरं करकरीत. अद्भुताच्या कपाटातल्या पुस्तकांचे कोपरे मात्र तेलाने, हळदीने, इंजिनाच्या वंगणाने काळे. कोणी आकाशात उडतो, कोणी दिसेनासा होतो, कोणी पाखरांची भाषा जाणतो, कोणी दुसऱ्याच्या देहात शिरून त्याचं जेवण जेवून येतो. माणसाला जे जमत नाही ते सगळं त्या एका कपाटात होतं. त्याची किल्ली माझ्या जानव्याला असे. मी कोण लागून गेलो असं मला वाटायचं.

गिऱ्हाइकंही तशीच. वलवणचा एक पैलवान होता. त्याच्या पुस्तकातला नायक वाघिणीचं दूध पिऊन शंभर हत्तींच्या बळाचा होतो. पैलवान पुस्तक परत देताना हळूच म्हणाला, “मास्तर, वाघिनीचं काय मिळत न्हाई. म्हशीचं चालंल का? कुटं बारीक अक्षरात लिवलंय का?” मी कधीच मास्तर नव्हतो, पण मावळात हातात पुस्तक असलेला माणूस मास्तरच. मी म्हटलं, “लिहिलेलं नाही, पण नकोही म्हटलेलं नाही.” तो म्हशीच्या दुधावर राहिला, पुढे जत्रेत कुस्ती मारली, आणि तेव्हापासून आत आला की आधी कपाटाच्या पाया पडायचा. बाजारातल्या एका सूनबाईंनी दिसेनाशा होणाऱ्या राणीचं पुस्तक नेलं होतं. चार दिवसांत परत आणलं. “पुस्तक चांगलं आहे हो,” म्हणाल्या, “पण ती अदृश्य झाली तरी स्वयंपाक तिनेच केलाय.”

आता नानासाहेब. पुण्यातली वकिली सोडून हवेसाठी लोणावळ्यात येऊन राहिलेले, आणि आमचे अध्यक्ष. माणूस सोन्यासारखा. वाचनालयाच्या छपराचे पत्रे त्यांच्याच पदरच्या खर्चाने झाले. पण अद्भुताच्या कपाटाशी त्यांचं हाडवैर. “गोविंदराव,” ते मला म्हणायचे, “ही पुस्तकं वाचणारा माणूस विचार करायचं सोडतो. काहीही सांगा, मान डोलावतो.” शेवटी त्या वर्षी त्यांनी वार्षिक सभेपुढे ठरावच मांडायचा ठरवला: अद्भुताचं कपाट मोडीत काढावं, पुस्तकं रद्दीत द्यावीत, आणि त्या जागी शेतीची पुस्तकं आणावीत. गूळदाणी, म्हणजे आजची चिक्की, विकणारा शेजारचा दुकानदार पुड्यांच्या कागदासाठी येऊन कपाट बघूनही गेला. सभा बाजाराच्या दिवशी ठेवली होती, म्हणजे खेड्यातल्या वर्गणीदारांनाही येता यावं. मला मत नव्हतं, पगार होता. मी गप्प बसलो. बसलो म्हणजे काय, घरी येऊन हिच्याजवळ पुष्कळ बोललो.

सभेला आठ दिवस उरले असताना दारात एक बाई उभी राहिली. डोक्यावर हिरव्या भाजीची पाटी, कासोटा घातलेलं लुगडं, वय माझ्याहून दहा वर्षांनी अधिक.

“पुस्तकं देनारं मास्तर तुमीच का?”

“हो, मीच. बसा मावशी.”

“बसाया न्हाई आले. त्या पादुका कुटं गेल्या, ते सांगा.”

ही सगुणामावशी. कार्ल्याच्या वरच्या अंगाला डोंगरात त्यांची वाडी. त्यांचा दीर तुका रेल्वेत गँगमन होता, घाटातले रूळ तपासायचा आणि आमचा वर्गणीदार होता. तो एक पुस्तक न्यायचा आणि सुट्टीच्या दिवशी सगळ्या वाडीला वाचून दाखवायचा, एकेका शब्दाखाली बोट धरून. त्याने नेलं होतं ‘आकाशपादुकांची नवलकथा’. त्यात धाकट्या राजपुत्राला एक गोसावी उडायच्या पादुका देतो, पण अट घालतो: वर्षाच्या आत परत आणून दे, नाहीतर तुझी आई दगड होईल. राजपुत्र उडत उडत कैदेतल्या राजकन्येच्या महालावर उतरतो, आणि लोकांच्या घरात पायताण घालून कसं जायचं म्हणून पादुका कौलांवर काढून ठेवतो.

“काढल्या का?” मावशींनी विचारलं.

“काढल्या,” मी म्हटलं. न वाचताच म्हटलं.

“मंग फुडं त्यो डोळ्यात काजळ घालतो, कुनाला दिसना होतो, पोरीला हाताला धरून पहाऱ्यातनं चालत भाईर येतो. चालत! घरी जातो, लगीन लागतं, जेवनावळी उटत्यात. अन् पादुका?”

“पादुका...”

“कौलांवर! वरीस सरत आलं. तिकडं आई दगुड व्हायाची येळ आली, अन् ह्यो जिलबी खातोय. येवडी चार बुकं शिकलेली मानसं तुमी, कुनालाच कशी न्हाई दिसली?”

मी म्हटलं, “बघून सांगतो.” त्या म्हणाल्या, “सांगा. तवर बुक आमच्याकडंच ऱ्हाईल,” आणि डोक्यावरची पाटी सावरत बाजारात गेल्या.

त्या वळल्या तसा मी कपाटाकडे धावलो. त्याच मालेतलं दुसरं पुस्तक, ‘अदृश्य काजळाची नवलकथा’, जाग्यावर होतं. उघडलं, आणि घोटाळा कळला. दोन्ही पुस्तकं एकाच छापखान्याची, एकाच मापाची, बारा-बारा फॉर्मांची. पानांवर पुस्तकाचं नाव नाही, नुसते आकडे. आदल्या आश्विनात दोन्ही मीच बांधली होती. एकाचे पहिले सहा फॉर्म मी दुसऱ्याच्या शेवटच्या सहांना शिवले होते, आणि उरलेलं तसंच उलट! शहाण्णव पानांपर्यंत उडणारा राजपुत्र, सत्त्याण्णवपासून काजळवाला. वर्षभर दोन्ही पुस्तकं गावभर फिरली. तारमास्तरांनी वाचली, शाळामास्तरांनी वाचली, पैलवानाने दोनदा वाचली. एकानेही हूं की चूं केलं नाही. पकडलं ते ज्या बाईला अक्षरओळख नव्हती तिने.

खरं तर तिथंच मावशींच्या मागे बाजारात जाऊन चूक कबूल करायची. पण मला दिसत होते नानासाहेब. ज्या कपाटावर सुरी ठेवलेली, त्यातलंच पुस्तक ग्रंथपालाने असं शिवलेलं, आणि कोणाला ते कळलेलंही नाही! त्यांच्या ठरावाला याहून चांगला पुरावा कुठला? तेव्हा मी शूरपणे ठरवलं, की पुस्तक गुपचूप परत मिळवायचं आणि उसवून नीट शिवायचं.

दुसऱ्या दिवशी तुका भेटला. म्हटलं, पुस्तक दे. “वैनी देत न्हाई,” तो म्हणाला. “जवाब द्या म्हनती.” मग मी जबाब दिला: पादुका वाऱ्याने आपोआप उडून गोसाव्याकडे गेल्या, असं समजायचं असतं. तिसऱ्या दिवशी तुका उलट निरोप घेऊन आला. “वैनी म्हनली, आपोआप जायाच्या व्हत्या तर गोसाव्यानं अट कशापायी घातली? मास्तरला इचार, अन् थापा नगं मारू म्हनावं.”

घरी सांगितलं तर ही पदर तोंडाला लावून हसायला लागली. “तुम्हाला सांगत होते, सुई मला द्या.” तेवढ्यावर थांबेल तर ती ही कसली! म्हणाली, “त्या बाईला मला भेटायचंय.”

सभेचा दिवस आला. खोली भरली. नानासाहेबांनी ठराव वाचला आणि तेच वाक्य म्हणाले, “ही पुस्तकं वाचणारा माणूस विचार करायचं सोडतो. काहीही सांगा, मान डोलावतो.” तेवढ्यात दारात गलका झाला. पुढे मावशी, मागे तुका, त्याच्यामागे वाडीतली आठ-दहा माणसं.

“मास्तर, गावला का जवाब?”

नानासाहेबांनी चष्मा वर केला. “बाई, आपण सभासद आहात का?”

“म्या न्हाई. ह्यो हाय.” त्यांनी तुकाला पुढे ढकललं. “ह्यो वाचतो, आमी ऐकतो. सवाल आमचा हाय.”

“विचारा. पण थोडक्यात.”

मावशींनी थोडक्यात विचारलं नाही. गोसाव्यापासून सुरुवात केली. नानासाहेब आधी घड्याळ बघत होते. पादुका कौलांवर आल्या तसं त्यांनी घड्याळ खिशात टाकलं.

“थांबा,” ते म्हणाले. “काढून ठेवताना कोणी पाहिलं?”

“कुनी न्हाई. राजकन्या खाली व्हती.”

तारमास्तर मागून म्हणाले, “पहारेकऱ्याने पळवल्या असतील.”

“पहारेकऱ्याला कौलांवर चढायचं कारण काय?” नानासाहेब त्यांच्यावर उखडले. “वाटेल ते तर्क नकोत!”

पैलवान उभा राहिला. “न्हाई नानासायब, कौलं मावळातल्यावानी उतरती असतील तर घसरून खाली पडल्या असतील.”

“पडल्या तर आवाज झाला असता. आवाज झाला असं कुठे नमूद आहे?”

“न्हाई,” वाडीतली माणसं एका सुरात म्हणाली.

“मग पुस्तक दाखल करा!”

मावशींनी पदराखालून पुस्तक काढलं. नानासाहेबांनी शहाण्णव पान वाचलं, सत्त्याण्णव वाचलं, पुन्हा मागे गेले. मग त्यांनी टेबलावर थाप मारली.

“पान तीनवर हा राजपुत्र तिघा भावांतला धाकटा आहे. पान सत्त्याण्णववर राजाचा एकुलता एक! सभासदहो, ही दोन वेगळी माणसं आहेत!”

खोलीत “आ!” असा आवाज झाला. मावशी म्हणाल्या, “तरीच मेला जिलबी खात व्हता. आई त्याची नव्हतीच!”

नानासाहेबांनी पुस्तकाचा कणा वाकवून शिवण पाहिली. माझी शिवण लोणावळ्यात सगळ्यांना ओळखीची होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी उठलो आणि सगळं सांगून टाकलं: चटया, फॉर्म, पाटा, वाऱ्याची थापही. शेवटी म्हटलं, “शिक्षा मला करा. कपाटाचा यात दोष नाही.”

चिटणीसांनी विचारलं, “मग ठराव मताला टाकायचा ना?”

“अर्ध्या पुराव्यावर?” नानासाहेब गरजले. “सभा पुढच्या बाजारापर्यंत तहकूब. गोविंदराव, दोन्ही पुस्तकं माझ्यासमोर उसवायची आणि माझ्यासमोर शिवायची. आणि खरा शेवट मी तक्रारदारांच्या समक्ष ऐकणार. त्याशिवाय निकाल नाही.”

तो आठवडा मी विसरणार नाही. नानासाहेब अंगणात खुर्ची टाकून बसले, एकेक फॉर्म डोळ्यांपुढे धरून मला देत. शिवली मात्र आमच्या हिने, माझ्या हातून सुई काढून घेऊन. शिवण कशी नाकासमोर सरळ! नानासाहेब म्हणाले, “ग्रंथपाल बदलावा की काय?” ती म्हणाली, “पगार सांगा आधी.”

मग आम्ही तिघं टांग्याने कार्ल्यापर्यंत गेलो आणि पुढे डोंगर चढलो. नानासाहेब दर वळणावर हवा पाहण्यासाठी थांबत होते. वाडीत अंगण सारवून घोंगड्या टाकल्या होत्या. शेजारी भाताच्या पेंढ्या रचलेल्या. भर दुपार होती. मी मावशींना म्हटलं, “दिवसा गोष्ट सांगितली तर मामा वाट चुकतो म्हणतात ना?”

“तोंडच्या गोष्टीनं चुकतो,” त्या म्हणाल्या. “बुकातली चालती. वाचा.”

मी वाचलं. त्याआधी मी त्या कपाटातल्या पुस्तकांना खळ लावली होती, पुठ्ठे लावले होते, पण शेवटापर्यंत धड एकही वाचलं नव्हतं, हे इथे कबूल करतो. राजपुत्र राजकन्येला घेऊन कौलांवर परत येतो, पादुका तिथेच असतात, पण दोघांचं ओझं त्यांना पेलत नाही. ती दोघं हळूहळू उडतात. शेवटचा दिवस मावळायला येतो. तिकडे आईचे पाय दगड झाले, गुडघे दगड झाले. घोंगडीवरची माणसं पुढे सरकली. कंबर दगड झाली तेव्हा नानासाहेब माझ्या खांद्यावरून पान बघू लागले. “अहो, लवकर वाचा!” आणि अगदी सूर्य टेकताना राजपुत्र गोसाव्यापुढे उतरतो, पादुका ठेवतो, आणि आईच्या अंगातून दगड असा उतरतो, जसा आंघोळीला बसल्यावर अंगावरून पाणी उतरतं.

“सुटली गं बाई!” मावशींनी दोन्ही हात जोडून कपाळाला लावले.

पुढे लग्न होतं. मी वाचायला लागलो तशी मावशींनी हात वर करून मला थांबवलं. पोथीत लग्न आलं की ऐकणाऱ्यांनी अक्षता टाकायच्या, ही आमच्याकडची जुनी रीत. आमच्या पुस्तकांनाही वाडीने तीच रीत लावलेली. पण अडचण अशी, की आधीच्या चुकीच्या बांधणीत काजळवाल्याच्या लग्नाला वाडीने एकदा अक्षता टाकल्या होत्या, गूळही वाटला होता.

“मंग आता परत कशा टाकायच्या?” एक म्हातारा म्हणाला. “येकदा लागल्यालं लगीन दोनदा?”

“आबा, त्या अक्षदा त्या काजळवाल्याला पोचल्या,” मावशींनी निकाल दिला. “त्याचं त्याला लागलं. ह्याचं आज. ह्यो बिचारा वरीसभर कौलांवर बसलाय. तांदूळ आना!”

आंबेमोहराचे तांदूळ आले, हळद आली. सगळ्यांच्या मुठीत अक्षता गेल्या. नानासाहेबांच्या हातात मावशींनी स्वतः घातल्या. त्यांनी मुठीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, मग उपरणं सावरून उभे राहिले.

“मंगलाष्टकं कोण म्हणतंय?” ते म्हणाले.

कोणालाच येत नव्हती. तेव्हा त्यांनीच म्हटली. वकिली आवाजात, खणखणीत, समोरच्या डोंगरावरून परत येईल अशी. आणि ‘सावधान’ला पहिल्या अक्षता त्यांच्याच पडल्या. त्या माझ्या डोक्यावर पडल्या, कारण पुस्तक माझ्या हातात होतं. माझी ही इतकी हसली, की मावशींनी तिला जवळ घेतलं आणि मुलीकडची म्हणून तिची गुळाने ओंजळ भरली.

निघताना मी मावशींना म्हटलं, “तुम्हाला अक्षरं शिकवायला मी येत जाईन.” त्या म्हणाल्या, “नगं मास्तर. तुका वाचतो. समद्यांनीच वाचलं तर ऐकायचं कुनी? त्या काजळवाल्याचा पयला भाग तेवडा धाडून द्या. लगीन लावून दिलं, पन नवरदेव कोन, कुटला, कायबी ठावं न्हाई.”

उतरताना नानासाहेब पगडीच्या घडीत अडकलेले तांदूळ एकेक काढत होते. मी मनात कपाटाची उजळणी करत होतो, कुठलं पुस्तक वाचवता येईल आणि कुठलं नाही. टांगा दिसायला लागला तेव्हा मी धीर करून विचारलं, “नानासाहेब, येत्या बाजारच्या सभेच्या इतिवृत्तात ठरावाचं काय लिहू?”

ते थांबले. “लिहा: सूचक लग्नकार्यात गुंतल्यामुळे ठराव चर्चेस येऊ शकला नाही.”

“आणि कोणी विचारलं, कोणाच्या लग्नात?”

“खरं ते सांगा,” नानासाहेब टांग्यात चढत म्हणाले. “आपण मुलाकडचे.”